ओवीतील माहेर आणि सातबाऱ्यावरील माहेर

गावाकडील बालपणाची आठवण काढणारे मराठी गाणे कोणते, असा प्रश्न केला असता शहरातील सुशिक्षित मनुष्य बहुधा एखाद्या छापील कवितेचे नाव घेईल. आमच्या मते या प्रश्नाचे खरे उत्तर पुस्तकात नसून जात्याजवळ आहे. ज्या स्त्रियांनी शाळेची पायरी पाहिली नाही, ज्यांची लग्ने अकराव्या-बाराव्या वर्षी झाली, आणि ज्यांचे बालपण एका दिवसात एका गावी टाकून त्यांना दुसऱ्या गावी नांदावयास जावे लागले, त्यांनी पहाटेच्या अंधारात दळता दळता माहेराच्या ज्या ओव्या रचल्या, तेच आमच्या कुणबी मुलखाचे बालपणाचे गाणे होय.

पुरुषाने असे गाणे रचल्याचे फारसे आढळत नाही, आणि त्याला कारण आहे. त्याचे बालपण त्याला सोडून कोठे गेलेच नव्हते. ज्या विहिरीत तो पोहावयास शिकला तिच्याच काठी त्याने पुढे मोट हाकली, आणि ज्या आंब्याखाली तो खेळला त्याच आंब्याखाली म्हातारपणी बाज टाकून तो पडला. मोटेवरील गाणी व भलरी ही पुरुषांची खरी गाणी. परंतु ती कामाला लय देणारी आहेत. धावेवर बैल मागे सरत असता, किंवा खुरपणी-कापणीच्या ओळीत दहा माणसे बरोबर राहावीत म्हणून ती गावयाची. त्यांत बैलांचे कौतुक आहे, देवाचे नाव आहे, थट्टाही आहे. पण गेलेल्या दिवसांसाठी जीव तुटणे त्यांत नाही. ते दुःख लेकीच्या वाट्याचे होते. म्हणून गाणेही तिच्याच वाट्याला आले.

ओवीचे वय फार मोठे आहे. बाराव्या शतकात चालुक्य राजा सोमेश्वर याच्या नावावर असलेल्या ‘मानसोल्लास’ या संस्कृत ग्रंथात, महाराष्ट्रात बायका कांडताना ओवी गातात, अशा अर्थाचा उल्लेख आहे. ज्ञानेश्वर महाराजांनी १२९० मध्ये गीतेवरील टीका लिहिण्यास जो छंद घेतला त्याचे नावही ओवीच. तात्पर्य, ज्ञानेश्वरी होण्यापूर्वी निदान दीडशे वर्षे ही ओवी उखळाजवळ गायिली जात होती. इंद्रायणीकाठच्या आळंदी-देहूच्या परिसरात राहणाऱ्या आम्हा लोकांस ही गोष्ट विशेष अभिमानाची वाटावी; परंतु आमच्याकडे अभिमान मंदिराच्या कळसाचा होतो, उखळाचा होत नाही.

ज्या तरुण वाचकांनी जाते फक्त लग्नातील हळदीच्या वेळी पाहिले असेल, त्यांच्याकरिता दळणाचे दोन शब्द सांगणे अवश्य आहे. मावळात भाताचे पीक; तेथे उखळ-मुसळाचे काम अधिक. पूर्वेकडे, म्हणजे चाकण, खेड आणि त्यापलीकडील भागात बाजरी व ज्वारी. तेथे जात्याला विसावा नाही. बाजरीच्या पिठात स्निग्ध अंश अधिक असल्यामुळे ते थोड्याच दिवसांत कडवट होते. यास्तव महिन्याचे पीठ एकदम दळून ठेवण्याची सोय बाजरीच्या मुलखात नव्हती. रोजची भाकरी, रोजचे दळण. कोंबडा आरवण्यापूर्वी उठून दोघी जावा, किंवा सासू-सून, किंवा नणंद-भावजय जात्याच्या दोन बाजूंस समोरासमोर बसत. एका खुंट्यावर दोघींचे हात पडत. एक हात घास टाकी व दुसरा ओढी. पाळी फिरू लागली म्हणजे तिच्या घरघरीवर एकीने ओवी धरावयाची व दुसरीने ती उचलावयाची. पहिल्या ओव्या देवाच्या, मग राम-सीता, मग पंढरीची वाट. दळण अर्ध्यावर आले, हात भरून आले, घरात अजून कोणी जागे झालेले नाही असे दिसले, म्हणजे मग माहेर.

हा क्रम आम्हास मोठा अर्थपूर्ण वाटतो. दिवसभरात सुनेला मोठ्याने बोलण्याची मुभा नव्हती. जात्याची घरघर ही तिची भिंत होती. तिच्या आड जे बोलले जाई ते सासूने ऐकले तरी ऐकले नाही असे समजण्याचा रिवाज होता, कारण सासूही एके काळी त्याच भिंतीआड बोललेली असे.

या ओव्यांतील माहेर कसे आहे, हे शेतकऱ्याच्या नजरेने पाहिले पाहिजे. साहित्यिक मंडळींनी त्यांतील हळवेपणाची फार स्तुती केली आहे, आणि ती खोटी नाही. परंतु आमच्यासारख्या ज्या मनुष्याची हयात जमिनीचे कागद चाळण्यात गेली, त्याला त्यांत दुसरेच काही दिसते. लेकीने आठवलेले माहेर हे अतिशय नेमके आहे. वाटेत किती ओढे लागतात, कोणत्या वळणावरून गावचे देऊळ दिसू लागते, बांधावर झाड कोणते, विहिरीवर मोटा किती, दावणीला बैल किती, खळ्यात रास केवढी, हे सर्व तिच्या ध्यानात आहे. ती माहेराचे वैभव सांगते तेव्हा बहुधा मोजून सांगते. आणि हे सर्व तिच्या भावाचे आहे. त्याचे शेत पिकावे, त्याच्या घरी धान्य मावू नये, त्याचा वंश वाढावा, असा आशीर्वाद ती पुन्हा पुन्हा देते. स्वतःकरिता तिचे मागणे काय? दिवाळीला किंवा पंचमीला भावाने मुऱ्हाळी म्हणून न्यावयास यावे. चार दिवस आईच्या हाताखाली निजावे. परत निघताना एक लुगडे किंवा नुसती चोळी मिळावी. इतकेच.

पण ओवी भोळी आहे असे मात्र कोणी समजू नये. भावजयीच्या तोंडावरील आठी तिने बरोबर टिपलेली असते. आई आहे तोवर माहेर आहे, आई गेल्यावर त्याच उंबऱ्यावर आपण पाहुणी होऊ, हे ती जाणते आणि पुन्हा पुन्हा सांगते. बापाने फार दूर दिले, डोंगरापलीकडे दिले, पाण्याच्या तोट्याच्या गावी दिले, असा उघड ठपका ती ठेवते. खेडची लेक मावळात आणि मावळची हवेलीत, अशा सोयरिकी आमच्याकडे नित्याच्या. पाच-सात कोसांचे अंतर, बैलगाडीची एक दिवसाची वाट. आज ते अंतर मोटारसायकलीने तासाभराचे आहे. त्या काळी नदीला पूर आला म्हणजे माहेर सबंध चातुर्मासाकरिता परदेश होत असे.

हे धन नष्ट झाले असते; पण काही थोड्या लोकांनी वेळीच कष्ट घेतले. साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’ या नावाने ओव्यांचा मोठा संग्रह केला. डॉ. सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या द्वारे पुष्कळ साहित्य छापून काढले. आणि आमच्या पुणे जिल्ह्यापुरते पाहता सर्वांत मोठे काम हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ या दोघांनी केले. पॉइतवाँ हे मूळचे फ्रान्सचे, परंतु पुण्यास येऊन येथलेच झालेले. मुळशी-मावळच्या डोंगराळ गावांत गरिबांमध्ये काम करीत असता, या बायकांना जे म्हणावयाचे आहे ते त्यांनी आधीच जात्यावर म्हणून ठेवले आहे, असे त्यांच्या ध्यानात आले. गेल्या शतकाच्या नवव्या दशकापासून त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी, त्यांत गावच्याच कार्यकर्त्या स्त्रिया होत्या, गावोगाव हिंडून एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. गावे एक हजाराहून अधिक. बर्नार्ड बेल यांच्या साहाय्याने पुष्कळ ओव्यांचे ध्वनिमुद्रणही झाले. पॉइतवाँ २००४ मध्ये व हेमाताई २०१० मध्ये वारल्या. संग्रह पुढे ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया’ या संस्थेने लोकांसमोर आणला असून तो आता कोणासही घरबसल्या ऐकता येतो. त्यांत गाणाऱ्या स्त्रीचे नाव आणि गाव लिहिलेले असते, ही गोष्ट आम्हास फार मोलाची वाटते. शतकानुशतके जे ‘लोकांचे’ म्हणून निनावी राहिले, त्याला अखेर खातेदाराचे नाव लागले.

खानदेशात बहिणाबाई चौधरी यांचे भाग्य असे की त्यांचा मुलगाच कवी निघाला. असोद्याची ही लेक १८८० मध्ये जन्मली व १९५१ मध्ये वारली. लिहिता-वाचता येत नसता तिने शेतात व घरात काम करीत जी गाणी म्हटली ती सोपानदेव चौधरींनी लिहून ठेवली, आणि १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह ती प्रसिद्ध झाली तेव्हा सगळा महाराष्ट्र थक्क झाला. बहिणाबाईंची थोरवी कमी न करता आम्ही एवढेच म्हणू की, ज्यांना सोपानदेव मिळाले नाहीत अशा बहिणाबाई आमच्या मुलखात घरोघर होत्या.

आता जाते गेले. त्यासाठी रडण्याचे कारण नाही, हे येथे स्पष्ट सांगितले पाहिजे. पिठाची गिरणी गावात आली तेव्हा पुरुषांनी गिरणीच्या पिठाला चव नाही अशी कुरकुर केली. बायकांनी केल्याचे आमच्या ऐकिवात नाही. खांदे, पाठ आणि पोटऱ्या ज्यांच्या जात होत्या त्यांना चवीचे शास्त्र कोणी सांगू नये. आमच्या माहितीच्या एकाही म्हातारीला जाते परत यावे असे वाटत नाही. ओवी मात्र सर्वांना हवी असते. परंतु जात्याशिवाय ओवी आठवत नाही, असेही त्याच सांगतात, कारण ती डोक्यात नसून हातात होती. ध्वनिमुद्रण करणाऱ्यांना पुष्कळ ठिकाणी माळ्यावर टाकलेले जाते खाली काढून, त्यात मूठभर दाणे घालून, मग ओवी मिळाली.

तथापि जाते गेल्याने ओवीचे जे नुकसान झाले त्याहून मोठे नुकसान आमच्या भागात निराळ्याच कारणाने झाले आहे, आणि या लेखाचे खरे प्रयोजन तेच आहे. ओवी ज्या माहेराविषयी आहे ते माहेरच जागेवर राहिले नाही.

१९५४ मध्ये पिंपरी येथे हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा सरकारी कारखाना स्थापन झाला, तेव्हा हवेली तालुक्यातील हा भाग शेतीचा होता. १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, भोसरी या गावांच्या माळजमिनींवर कारखान्यांच्या ओळी उठल्या. १९७० मध्ये नगरपालिका, १९८२ मध्ये महानगरपालिका. पुढे १९९७ मध्ये आणखी गावे तीत सामील झाली. त्यानंतर कारखानदारी इंद्रायणी ओलांडून खेड तालुक्यात शिरली. कांदा-बटाट्याच्या बाजाराकरिता ज्या चाकणचे नाव मुंबईपर्यंत होते, त्या चाकणच्या भोवती महाळुंगे, निघोजे, कुरुळी, खराबवाडी, नाणेकरवाडी, वासुली, सावरदरी या गावांत मोटारगाड्यांचे व त्यांच्या सुट्या भागांचे कारखाने उभे राहिले. या उद्योगांनी हजारो घरांत चूल पेटविली, पुष्कळ शेतकऱ्यांची मुले त्यांत पगारदार झाली, हे आम्ही नाकारीत नाही. दुष्काळी गावचा जो मनुष्य येथे येऊन पोट भरतो त्याला आमच्या गेलेल्या बाभळींचे दुःख सांगणे हा उद्धटपणा होईल.

परंतु त्याचा एक परिणाम असा झाला की, पुरुषही माहेरवाशी झाला. लेक गाव सोडून गेली होती. येथे मनुष्य जागच्या जागी राहिला आणि गावच त्याच्या पायाखालून निघून गेले. भोसरी, चिखली, मोशी येथील साठी उलटलेला शेतकरी आज चौथ्या मजल्यावरील सज्जात उभा राहून, पूर्वी आमची विहीर त्या पाण्याच्या टाकीच्या अलीकडे होती, असे नातवाला बोटाने दाखवितो, तेव्हा तो काय करीत असतो? त्याची आजी जात्यावर जे करीत होती तेच. फरक इतकाच की तिच्याजवळ ओवी होती, याच्याजवळ काही नाही. आमच्या मते बैलगाडा शर्यतीचे जे वेड या भागात दिसते त्याचे मूळ येथेच आहे. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने शर्यती बंद झाल्या, डिसेंबर २०२१ मध्ये त्यांस सशर्त परवानगी मिळाली व मे २०२३ मध्ये त्याच न्यायालयाने राज्याचा कायदा वैध ठरविला. ज्यांच्या घरी आता नांगर नाही, शेणखताचा उकिरडा नाही, अशी माणसे लाखो रुपयांची खोंडे पाळून घाटात उतरतात. बैलांच्या हालअपेष्टांचा प्रश्न निराळा आहे व तो खरा आहे. पण यांच्या हौसेला नुसती गुर्मी म्हणणे बरोबर नाही. तीही एक प्रकारची माहेरची ओढच होय. मात्र फार खर्चाची.

आता कागदाकडे वळू. ओवीने माहेराची नोंद ठेवली, तशी सरकारनेही ठेवली आहे. आमच्या मुंबई इलाख्यात हक्कनोंदणीचा कायदा १९०३ मध्ये झाला. आज ज्याला आपण सातबारा म्हणतो तो गाव नमुना ७ व नमुना १२ यांचा मिळून झालेला उतारा. नमुना ७ वर गट क्रमांक, भूधारणा पद्धती, खातेदारांची नावे, क्षेत्र, आकार व इतर हक्क हे रकाने सर्वांना ठाऊक असतात. परंतु त्याच नमुन्यावर ‘शेताचे स्थानिक नाव’ असाही एक रकाना आहे, हे किती वाचकांनी पाहिले आहे? तो पुष्कळ उताऱ्यांवर कोरा असतो. ‘चिंचेचे’, ‘खळ्यामागचे’, ‘ओढ्याची पट्टी’, ‘म्हसोबाचा माळ’ ही जी नावे आम्ही लहानपणी रोज ऐकली, ज्या नावांनी भाकरी कोठे पोहोचवावयाची ते पोरांना कळे, ती कागदावर आलीच नाहीत. १९४७ च्या कायद्यान्वये पुढे गावोगाव एकत्रीकरण झाले, जुने सर्व्हे नंबर मोडून गट पडले, आणि दोन-तीन नावांची शेते एका आकड्यात विरघळली. हा आकडाही पुढे कारखान्याच्या भूखंडाच्या क्रमांकात विरघळला.

दुसरा रकाना ‘इतर हक्क’ यांचा. बाप वारला म्हणजे वारसांची चौकशी होऊन फेरफार पडतो. आमच्या भागातील वहिवाट अशी की, भाऊ खातेदार म्हणून लागावयाचे आणि बहिणींची नावे इतर हक्कांच्या रकान्यात जावयाची. कोरडवाहू माळाला एकरी किंमत ती काय, अशा दिवसांत त्याचे कोणास काही वाटले नाही. बहिणीलाही नाही. तिचा माहेरचा हक्क तिच्या समजुतीप्रमाणे दिवाळीच्या चोळीत फिटत होता. ओवीही तेच सांगत होती.

कायदा मात्र एकेक पाऊल पुढे आला. पूर्वीच्या धर्मशास्त्राप्रमाणे भाऊ असता एकत्र कुटुंबाच्या जमिनीत मुलीला वाटा नव्हता; पोषण आणि लग्नाचा खर्च एवढेच तिचे. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने तिला बापाच्या हिश्श्यात वाटा दिला. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलीला जन्मतःच सहदायाद केले, परंतु त्या दिवसापूर्वी लग्न झालेल्या मुलींना त्यातून वगळले. म्हणजे ज्यांनी ओव्या गायिल्या त्या बहुतेक सगळ्या वगळल्या गेल्या. ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या केंद्रीय दुरुस्तीने लग्नाचा भेद काढून टाकला, आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने असा खुलासा केला की हा हक्क जन्माने मिळणारा असल्यामुळे, २००५ मध्ये बाप हयात असलाच पाहिजे असे नाही. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर नोंदलेल्या वाटण्यांस मात्र धक्का लागत नाही. ही माहिती आम्ही मुद्दाम तपशिलाने दिली आहे, कारण यासंबंधी गावोगाव चुकीचे ऐकावयास मिळते. ज्यांच्या घरी प्रत्यक्ष प्रश्न असेल त्यांनी वकिलास कागद दाखवावेत.

कायदा पुढे येत असता जमिनीचा भावही वाढत गेला, आणि दोहोंची गाठ चाकणच्या पट्ट्यात पडली. कारखान्याकरिता संपादन होवो, किंवा गोदामाकरिता खासगी खरेदी होवो, घेणाऱ्याचा पहिला प्रश्न एकच: बहिणींच्या सह्या आहेत काय? वीस-वीस वर्षे ज्या आत्याला कोणी मुऱ्हाळी गेला नाही, तिच्या दारी एके सकाळी चारचाकी गाडी उभी राहते. भाचे पाया पडतात. लुगडे येते, पेढ्यांचा पुडा येतो. आणि मग हक्कसोडपत्र येते. मुद्रांक नाममात्र, साक्षीदार तयार, गाडी दारात. ओवीत ज्या मुऱ्हाळ्याची वाट पाहून डोळे दमले तो अखेर आला. पण घेऊन आला तो कागद.

आमच्या नोकरीच्या काळातील एक प्रसंग सांगतो. संपादनाच्या कामी हितसंबंधितांचे जबाब घेण्यासाठी आम्ही एका गावच्या चावडीत बसलो होतो. सत्तरी उलटलेली एक बाई भावाबरोबर आली होती. आम्ही रीतीप्रमाणे गट क्रमांक, हेक्टर-आर वाचून दाखविले. ती म्हणाली, “भाऊसाहेब, त्ये आकडं मला नगा सांगू. ह्ये चिंचंचं का खळ्यामागलं, येवढं सांगा.” आमच्या कागदावर तो रकाना कोरा होता. आम्ही भावाकडे पाहिले. तोही सत्तरीचाच. तो खाली मान घालून म्हणाला, “चिंचंचं, आक्का. चिंच कवाच गेली.” बाई थोडा वेळ काहीच बोलली नाही. मग तिने त्या शेतात कोण कोण राबत होते, बैलांची नावे काय होती, विहिरीला पाणी कोणत्या साली लागले, हे सर्व आपल्याशीच बोलल्यासारखे सांगितले आणि शाईत अंगठा बुडविला. भाचा घड्याळ पाहत होता. तिचे बोलणे जबाबात लिहिण्यासारखे नव्हते. जबाबात लिहिले ते एका ओळीत बसले.

त्या बाईने अंगठा द्यावयास नको होता असे आमचे म्हणणे नाही. ज्या बहिणीला राजीखुशीने भावाला द्यावयाचे आहे तिला कायदाही अडवीत नाही, आणि ज्या घरी भाऊ बहिणीला तिचा वाटा न मागता देतो अशी घरेही आम्ही पाहिली आहेत. संख्येने थोडी, पण पाहिली आहेत. आमचे म्हणणे इतकेच की, तिला जे सोडावयास सांगितले जाते ते काय आहे हे आधी तिच्या भाषेत वाचून दाखवावे. नुसता गट क्रमांक नव्हे. शेताचे नाव, आजचे क्षेत्र, आजचा भाव, आणि तिचा त्यात वाटा किती, हे तीन आकडे व एक नाव. ते ऐकूनही ती सोडीत असेल तर ते खरे सोडणे. ओवीतील आशीर्वादाचा दाखला देऊन, ‘आमच्या आया-बहिणींनी कधी मागितले नाही’ असे जे मानभावीपणे सांगितले जाते, ते मात्र थांबले पाहिजे. त्यांनी मागितले नाही, कारण मागण्याची सोय नव्हती. जिने विहिरीवरील मोटा मोजून ध्यानात ठेवल्या तिला वाट्याचा हिशेब कळत नव्हता, असे कोण म्हणेल?

आता आपल्या संस्थेने काय करावे, हे थोडक्यात सांगतो. आपल्या सभासदांच्या घरी ज्या आज्या, आत्या व मावश्या हयात आहेत, त्यांपैकी ज्यांनी जात्यावर दळले आहे त्या बहुतेक सत्तरीच्या पुढील आहेत. येत्या संक्रांतीच्या हळदीकुंकवाला, किंवा श्रावणात लेकी माहेरी येतात तेव्हा, प्रत्येक गावच्या दोन मुलींनी हे काम अंगावर घ्यावे. ध्वनिमुद्रणाला आता निराळे यंत्र नको. खिशातील फोन पुरतो. आजीची परवानगी घ्यावी, तिचे नाव, माहेरचे गाव व सासरचे गाव लिहावे. एखाद्या ओवीत कोणा घराची उखाळीपाखाळी असेल तर ती जाहीर करावी की नाही हे तिलाच विचारावे. आणि जी शेते अद्याप आपल्या नावावर आहेत, त्यांच्या उताऱ्यावर स्थानिक नावाचा रकाना कोरा असल्यास तलाठ्याकडे तसा अर्ज देऊन विचारणा करावी.

फोन पुढे करून ‘आजी, ओवी म्हण’ असे एकदम सांगू नये. आजी लाजते, विसरले म्हणते, आणि मुली निराश होऊन परत येतात. तिला आधी माहेरच्या शेतांची नावे विचारावीत, एकेक करून, बांधाबांधाने. चौथ्या-पाचव्या नावाला बहुधा तिचा हात आपोआप खुंटा धरल्यासारखा फिरू लागतो. तेव्हा फोन सुरू करावा.